नाव घ्या, नाव!

मूल जन्माला आल्यावर बाराव्या दिवशी त्याच्या आयुष्यातला सर्वांत महत्त्वाचा निर्णय घेतला जातो आणि त्या वेळी त्याचे मत कोणी विचारत नाही. बारशाला गल्लीतल्या साऱ्या बायका जमतात, घुगऱ्यांत मीठ कमी पडले की खोबरे जास्त झाले यावर सविस्तर चर्चा होते. पण ज्याच्यावर हा प्रसंग गुदरलेला असतो त्याने रडून काही सुचवायचा प्रयत्न केलाच, तर 'भूक लागली असेल' म्हणून तो विषय मिटवला जातो. मग आत्या पुढे होते, बाळाच्या कानात 'कुर्रर्र' करून नाव सांगते आणि बाकीच्या बायका तिच्या पाठीत धपाटे घालतात. शिक्षा योग्यच आहे. फक्त ती चुकीच्या व्यक्तीला होते, कारण नाव आईबापांनी आधीच पक्के केलेले असते. आपल्या भाषेला मात्र या सगळ्याची पूर्ण कल्पना असावी. मराठीत 'नाव ठेवणे' एकवचनी असेल तर तो संस्कार आणि 'नावे ठेवणे' अनेकवचनी झाले की ती निंदा. दोन्ही कामे बहुधा तीच माणसे करतात.

आईबापही तसे स्वतंत्र नसतातच. त्यांच्या मागे पंचांग उभे असते. प्रत्येक नक्षत्राचे चार चरण आणि प्रत्येक चरणाला एक अक्षर, अशी आपली व्यवस्था आहे. अश्विनीवर जन्मलात तर चू, चे, चो, ला. म्हणजे चौथ्या चरणापर्यंत धीर धरला नाहीत, तर 'चू'पासून सुरू होणारे एखादे भारदस्त नाव शोधत बसा. पण खरी गंमत आर्द्रा नक्षत्राची. तिथे अक्षरे आहेत कू, घ, ङ, छ. आर्द्राच्या तिसऱ्या चरणावर जन्मलेल्या बालकाचे नाव 'ङ'वरून ठेवावे, असे शास्त्र सांगते. शाळेत पाटीवर गिरवल्यापलीकडे या अक्षराशी आपला कुणाचा संबंध आलेला नाही. ज्या ऋषींनी हे कोष्टक बसवले त्यांचे गणित पक्के होते यात शंका नाही, पण त्यांच्या घरी त्या चरणावर कोणी जन्मले नसावे. गुरुजी अशा वेळी 'ग किंवा घ चालेल' म्हणून वेळ मारून नेतात. शास्त्रात अडचण असते, गुरुजींत नसते.

त्या मानाने पश्चिम आफ्रिकेतल्या घानामधले अकान लोक फार सरळ. मूल ज्या वारी जन्मले, तो वार त्याचे नाव. शुक्रवारी झालेला मुलगा कोफी, शनिवारी झालेला क्वामे. घाना 1957 मध्ये स्वतंत्र झाला तेव्हाचे पुढारी क्वामे एन्क्रुमा यांचे नाव आपल्याकडच्या वर्तमानपत्रांत त्या काळी रोज छापून येई. पण वाचणाऱ्याला कुठे ठाऊक, की आपण रोज सकाळी चहाबरोबर 'शनिवार' वाचतो आहोत! पुढे 1997 ते 2006 अशी दहा वर्षे संयुक्त राष्ट्रसंघाचे सरचिटणीस असलेले कोफी अन्नान यांचे पूर्ण नाव कोफी अट्टा अन्नान. कोफी म्हणजे शुक्रवारचा, अट्टा म्हणजे जुळ्यांतला आणि अन्नान म्हणजे चौथे अपत्य. वार, डबा, सीट नंबर सगळे त्यात. माणसाचे नाव नव्हे, रेल्वेचे रिझर्वेशनच! ऐकताना परके वाटते, पण ठाणे जिल्ह्यातल्या पाड्यांवर जाऊन बघा. तिथे बुधवारचा बुध्या भेटेल, सोमवारचा सोम्या भेटेल आणि शुक्रवारचा सुकऱ्याही भेटेल. कोफी म्हणजे आपला सुकऱ्याच. एक जगाच्या कचेरीत मुख्य खुर्चीवर बसला आणि दुसरा तालुक्याच्या कचेरीत व्हरांड्यात बसून राहतो, एवढाच काय तो फरक.

आता 'नाव असावे सुंदर' हे आपले मत अगदी अलीकडचे आहे. पोरे पटापट मरत तेव्हा नाव सुंदर असणे परवडत नसे. एक गेले, दुसरे गेले, की तिसऱ्याला मुद्दाम धोंडू म्हणायचे, दगडू म्हणायचे, भिकू म्हणायचे. मुलाचे नाक टोचून त्यात नथ घालायची आणि त्याला नथू म्हणायचे, म्हणजे मृत्यूला वाटावे की ही मुलगीच आहे. (मृत्यूलाही मुली नको असतात, हे आपण किती सहज गृहीत धरले होते!) विदर्भात तर पोर उकंड्यावर, म्हणजे उकिरड्यावर लोळवून उचलायचे आणि त्याला उकंडा म्हणायचे, मोठेपणी त्याचे उकंडराव होत. चीनच्या खेड्यांतही हेच. तिथे पोराला 'कुत्र्याचे अंडे' म्हणत, नाहीतर 'कुत्र्याने उष्टे टाकलेला' म्हणत. इतक्या दूरच्या दोन मुलुखांतल्या आया एकमेकींना कधीही न भेटता एकच थाप मारत होत्या. ऐकणाराही एकच होता. 'न्यायला आलास? अरे, इथे काही नाही रे बाबा. दगड आहे एक.'

आणि यांतले कित्येक दगड फार वर चढले. धोंडो केशव कर्वे 104 वर्षे जगले, 1958 मध्ये भारतरत्न झाले. थाप इतकी यशस्वी झाल्याचे दुसरे उदाहरण नाही. पुण्यातला सर्वांत श्रीमंत गणपती दगडूशेठ हलवायांच्या नावाने ओळखला जातो. लोक सरळ 'दगडूशेठला जाऊन येतो' म्हणतात. दगडाला देव मानणारे आपण, देवाला दगडू म्हणून मोकळे झालो.

रोममध्ये अशाच एका गृहस्थाला मित्रांनी नाव बदलण्याचा सल्ला दिला होता. हा गृहस्थ म्हणजे प्रख्यात वक्ता सिसेरो. लॅटिनमध्ये 'सिसेर' म्हणजे हरभरा. ग्रीक चरित्रकार प्लुटार्क सांगतो, की त्याच्या कोणा पूर्वजाच्या नाकाच्या शेंड्यावर हरभऱ्याला असते तशी खाच होती, म्हणून घराण्याला हे नाव पडले. सिसेरो राजकारणात उतरायला निघाला तेव्हा मित्र म्हणाले, "बाबा रे, हरभऱ्याला कोण मते देणार?" त्याने उत्तर दिले, की मोठमोठ्या घराण्यांच्या नावांहून मी हे नाव मोठे करून दाखवीन. एवढ्यावर तो थांबला नाही. इ.स.पू. 75 मध्ये सिसिलीत अधिकारी असताना त्याने देवाला चांदीची एक वस्तू अर्पण केली. तिच्यावर पहिली दोन नावे अक्षरांत कोरायला सांगितली आणि तिसऱ्या नावाच्या जागी हरभऱ्याचे चित्र काढायला लावले. हे वाचल्यापासून मला आपले भोपळे, दोडके, पडवळ, भेंडे आणि मुळे फार जवळचे वाटू लागले आहेत. जो माणूस स्वतःच्या नावावर इतरांच्या आधी हसतो, त्याला हसायला लोकांकडे मग काही उरत नाही.

पण सिसेरोच्या रोममध्ये बायकांना हसायलासुद्धा नाव नव्हते. मुलीला वेगळे नाव ठेवायची त्यांना गरजच वाटली नाही. घराण्याचे नाव ज्युलियस, म्हणून मुलगी जुलिया. दुसरी झाली तर तीही जुलिया. ज्युलियस सीझरच्या दोन बहिणी, दोघीही जुलिया. त्याची आत्या जुलिया. त्याची मुलगी जुलिया. सणासुदीला त्या घरात कोणी 'जुलिया!' अशी हाक मारली असेल तर काय धावपळ उडाली असेल! ओळखायला म्हणून मोठी जुलिया, धाकटी जुलिया असे म्हणत, म्हणजे आपण 'मोठा डबा, धाकटा डबा' म्हणतो तसे. मात्र एक गोष्ट रोमनांच्या बाजूने नोंदवली पाहिजे. ही जुलिया लग्न होऊन सासरी गेली तरी जुलियाच राहत असे.

आपल्याकडे नेमके उलटे. आपण मुलींची नावे हौसेने ठेवली, आणि मग काढून घेतली. लग्नात तांदळांनी भरलेले ताट पुढे येते, नवरदेव सोन्याच्या अंगठीने त्या तांदळात एक नाव लिहितो आणि भोवतीची मंडळी मान पुढे करकरून ते वाचतात. माझ्या पिढीपर्यंत या प्रसंगी सर्वांत शेवटी वाचायची ती नवरी. ज्या तांदळांवर हे लिहायचे तेही नंतर कोणाच्या तरी भातात जात, म्हणजे मूळ दस्तऐवजही शिल्लक नाही.

एकोणिसाव्या शतकातल्या आपल्या मोठ्या बायकांची चरित्रे वाचताना माझ्या एक गोष्ट लक्षात आली. महादेव गोविंद रानड्यांच्या पत्नी रमाबाई; त्यांचे माहेरचे नाव यमुना. डॉक्टर होणाऱ्या आनंदीबाई जोशी. त्याही मूळच्या यमुना. लोकमान्यांच्या पत्नी सत्यभामाबाई या माहेरी तापी. धोंडो केशव कर्व्यांनी 1893 मध्ये ज्या विधवेशी पुनर्विवाह केला, ती माहेरची गोदू. लग्नात तिची आनंदी झाली आणि सगळा महाराष्ट्र तिला बाया कर्वे म्हणून ओळखतो. झाशीच्या राणी लक्ष्मीबाई आधी मणिकर्णिका. 'स्मृतिचित्रे' लिहिणाऱ्या लक्ष्मीबाई टिळक याही आधी मनकर्णिका. यमुना, पुन्हा यमुना, तापी, गोदावरी, आणि काशीचा मणिकर्णिका घाट दोनदा! माहेरी बाप नदीचे नाव ठेवायचा आणि सासरी लग्नाच्या ताटात त्या नदीवर धरण बांधले जायचे. पाटबंधारे खाते फार नंतर आले. आपला अनुभव जुना होता.

बदललेले नाव बायकोला मिळायचे, पण नवऱ्याचे न बदललेले नाव तिला घेता येत नसे. हा मान जगात फार थोड्यांना मिळाला आहे. चीनच्या बादशहाला तो होता. बादशहाचे खासगी नाव बोलायचे नाही आणि लिहायचे नाही, इतके की कांगशी बादशहाच्या नावातले 'श्वेन' हे अक्षर पेकिंगच्या राजवाड्याच्या उत्तर दरवाजाच्या नावात होते म्हणून दरवाजाचे नावच बदलले. 1777 मध्ये वांग शीहौ नावाच्या विद्वानाने आपल्या कोशात बादशहांची ही निषिद्ध नावे छापली, कोणती अक्षरे टाळावीत हे लोकांना कळावे म्हणून. त्याबद्दल त्याला देहान्त शिक्षा झाली. बादशहाला हा मान मिळवायला सैन्य, कारागृहे आणि जल्लाद पोसावे लागत. तोच मान आमच्या आळीतल्या पंचाहत्तर रुपये पगाराच्या कारकुनाला घरबसल्या फुकट मिळे.

आमच्या शेजारच्या काकूंच्या यजमानांचे नाव रामचंद्र होते. त्यामुळे संध्याकाळी दिवेलागणीला मुलांना रामरक्षा म्हणायला बसवायचे, तर पहिल्याच शब्दाशी अडचण. काकू ओट्यापासून ओरडत, "चला रे, ह्यांची रक्षा म्हणायला बसा!" एकदा परगावचे कोणी पाहुणे नेमके त्या वेळी दारात पोचले. 'ह्यांची रक्षा' ऐकून त्यांनी चपला न काढताच डोक्यावरची टोपी काढली. आतून काकांचा खोकला ऐकू आला तेव्हा त्यांच्या जिवात जीव आला. खानेसुमारीवाला आला, की काकू कडेवरच्या पोराला पुढे करायच्या, "सांग रे, तुझ्या बाबांचं नाव सांग." पोर अजून बोबडे होते. त्या वर्षीच्या सरकारी कागदांत काकांची काय नोंद झाली, देव जाणे.

यात हसण्यासारखे आहे, पण आपण एकटे नाही. दक्षिण आफ्रिकेत झुलू आणि खोसा लोकांत सुनेने सासऱ्याचे नाव तर घ्यायचे नाहीच, पण त्या नावातली अक्षरे ज्या शब्दांत येतात तेही शब्द टाळायचे, अशी चाल आहे. 'ह्लोनिपा' म्हणतात तिला. मग त्या बायकांनी टाळलेल्या शब्दांच्या जागी नवे शब्द तयार केले, आणि त्यांची आपली एक निराळी बोलीच झाली. बायकांच्या तोंडाला कुलूप घातले, की त्या दुसरे दार पाडतात. आपल्याकडे त्यांनी उखाणा काढला. आधी नाव घ्यायला बंदी, आणि मग चारचौघांत 'नाव घ्या, नाव!' म्हणून आग्रह. त्या दोन ओळींत चांदीची ताटे येतात, महादेवाची पिंड येते, आणि शेवटी एकदाचे ते नाव येते, यमक जुळवून.

रमाबाई रानड्यांनी आठवणी लिहिल्या तेव्हा त्यांना उखाण्याचीही सोय नव्हती. अख्खे पुस्तक नवऱ्याविषयी, आणि नाव तर घ्यायचे नाही. त्यांनी न्यायमूर्तींना 'स्वतः' म्हटले. स्वतः आले, स्वतः म्हणाले, स्वतः जेवायला बसले. या पुस्तकाचे 1938 मध्ये इंग्रजी भाषांतर झाले, त्याचे नाव भाषांतरकर्तीने 'हिमसेल्फ' असेच ठेवले. लक्ष्मीबाई टिळकांनी मात्र 'स्मृतिचित्रे'त नवऱ्याला बेधडक 'टिळक' म्हटले. टिळक रागावले, टिळक निघून गेले. आडनाव त्यांचे स्वतःचेही तेच होते, म्हणजे त्या आपलेच नाव घेत होत्या. त्याला कोण हरकत घेणार?

माझी आजी वाईची. माहेरचे नाव कृष्णा. घाटावर धुणे धुताना ज्या नदीत पाय बुडायचे, तेच तिचे नाव. लग्न होऊन आमच्या वाड्यात आली तेव्हा आजोबांच्या आत्याचे नाव आधीपासून कृष्णा होते. रोमनांना घरात चार चार जुलिया चालत. आमच्या वाड्यात दोन कृष्णा चालेनात. मग ताटात 'सरस्वती' लिहिले गेले. वाहत्या नदीची एकदम गुप्त नदीच झाली. रेशनकार्डावर सरस्वती, बँकेत सरस्वती, आजोबा हाक मारत 'अगं'. वर्षातून फक्त एकदा, भाऊबीजेला, तिचा थोरला भाऊ वाईहून यायचा आणि ओसरीवरूनच हाक द्यायचा, "कृष्णे, आहेस का गं घरात?" आणि पोळी तव्यावर तशीच टाकून आमची साठीची आजी परकर सावरत धावावे तशी बाहेर धावायची. त्या दिवशीच्या पोळ्या नेहमी करपायच्या. कोणी काही बोलत नसे.

ते आजोबा गेले, आणि मग ते नाव घेणारे कोणी उरले नाही. पुढे एकदा आम्ही नातवंडांनी चेष्टेने ओसरीवरून 'कृष्णे!' अशी हाक मारून पाहिली. आजीने आतून 'ओ' दिली. बाहेर येऊन बघते तर आम्ही. रागावली नाही. चष्मा काढून पदराने पुसला आणि म्हणाली, "तुम्ही होय! बसा, लाडू देते."

वाई ज्या सातारा जिल्ह्यात आहे, तिथेच ऑक्टोबर 2011 मध्ये एक वेगळे बारसे झाले. जिल्ह्यातल्या 285 मुलींची नावे एकाच समारंभात बदलण्यात आली. या सगळ्यांचे जुने नाव एकच होते: नकुशी. नकोशी झालेली. एक मुलगी, दोन मुली, मग तिसरीला हे नाव ठेवायचे, म्हणजे चौथा तरी मुलगा होईल. हे नाव धोंडूच्या जातीचे आहे असे कोणाला वाटेल, पण ते तसे नाही. धोंडू ही मृत्यूला मारलेली थाप होती. पोर हवे होते म्हणून ते नको असल्याचे नाटक. नकुशीत नाटक नव्हते. शाळेत हजेरी घेताना रोज सकाळी 'नकुशी' अशी हाक यायची आणि त्या पोरीने रोज उभे राहून 'हजर' म्हणायचे. त्या दिवशी नव्या नावांचे दाखले वाटले. कोणी देवीचे नाव घेतले, कोणी सिनेमातल्या नटीचे घेतले. या बारशात पंचांग नव्हते. आणि मुलींचे मत विचारले गेले होते.

सरकार नेहमीच इतके शहाणे असते असे नाही. आइसलँडमध्ये 1991 च्या कायद्याने नावांची एक समिती नेमलेली आहे. यादीबाहेरचे नाव ठेवायचे तर तिची परवानगी लागते. तिथे एका मुलीचे नाव ठेवले ब्लायर, म्हणजे वाऱ्याची झुळूक. समिती म्हणाली, हा शब्द व्याकरणाने पुल्लिंगी आहे, मुलीला चालणार नाही. (मराठीत झुळूक स्त्रीलिंगी आहे, म्हणून आपण वाचलो. वाऱ्याचे काय केले असते, कल्पना नाही.) मग सरकारी कागदांवर तिचे नाव काय? 'मुलगी'. पंधरा वर्षांची होईपर्यंत ती शासनाच्या लेखी नुसती 'मुलगी' होती. जानेवारी 2013 मध्ये ती खटला जिंकली आणि झुळूक झाली. तिच्या नावापुढे बापाचे नाही, आईचे नाव लागते. आइसलँडमध्ये आडनावे जवळजवळ नाहीतच. अमक्याचा मुलगा किंवा अमकीची मुलगी एवढेच. त्यामुळे 1980 मध्ये विग्दिस फिनबोगाडॉटिर तिथल्या राष्ट्राध्यक्ष झाल्या, तेव्हा सारा देश त्यांना सरळ 'विग्दिस' म्हणे. टेलिफोनच्या छापील डिरेक्टरीतही माणसे पहिल्या नावाने लावलेली असत.

आईचे नाव आता आपल्याकडेही कागदावर आले आहे. 1 मे 2024 पासून जन्मणाऱ्यांच्या सरकारी कागदपत्रांत आधी स्वतःचे नाव, मग आईचे, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव, असा क्रम महाराष्ट्र सरकारने लावून दिला. अर्जावरचे चौकोन पुरत नाहीत अशी तक्रार माझ्या कानावर आली आहे, पण ती चौकोनांची चूक. मला वेगळीच शंका आहे. आईचे नाव म्हणजे तिचे कोणते नाव? पाळण्यातले, की ताटातले?

आनंदीबाई जोशी 1886 मध्ये फिलाडेल्फियाला डॉक्टर झाल्या आणि पुढच्याच वर्षी, बाविसावे सरण्याआधी, गेल्या. त्यांच्या अस्थी अमेरिकेत न्यूयॉर्क राज्यातल्या पोकीप्सी गावी आहेत. आणि शुक्र ग्रहावर, जिथल्या जागांना बायकांचीच नावे देण्याचा खगोलशास्त्रज्ञांचा प्रघात आहे, सुमारे 34 किलोमीटर रुंदीच्या एका विवराला त्यांचे नाव दिले आहे. विवराचे नाव 'यमुना' नाही, 'आनंदी'ही नाही. नुसते 'जोशी' आहे. त्या लग्नाआधी यमुना जोशी होत्या आणि लग्नानंतर आनंदी जोशी. तेव्हा शुक्रावरचे हे आडनाव माहेरचे की सासरचे, हे तिथे जाऊनही कोणाला ठरवता यायचे नाही.